उजेडाने बोलणारी जमात कशी घडवायची: पहिल्यांदाच विज्ञानकथा लिहिणाऱ्यांसाठी

तुमच्या डोक्यात आलंय ना, की आपल्या कथेत एक परग्रहावरची जमात असावी, अंग चमकणारी, तोंडाने एक शब्द न बोलणारी, सगळं उजेडाने सांगणारी? झकास. मलाही तीन वर्षांपूर्वी हेच सुचलं होतं आणि मी एका रविवारी बसून बावीस पानं लिहून मोकळा झालो. मामेबहिणीला वाचायला दिली. ती म्हणाली, "दादा, हे तर गणपतीच्या मांडवातलं लायटिंग झालं. खूश झाले की हिरवे, चिडले की लाल. मग ते सिग्नलला का उभे राहत नाहीत?"

राग आला, पण खरं होतं. त्यानंतर चार ड्राफ्ट कचऱ्यात गेले आणि पाचवा कसाबसा उभा राहिला. तुमचे निदान दोन तरी ड्राफ्ट वाचावेत म्हणून हे लिहितोय.

आधी काय काय जवळ ठेवायचं

- एक वही. मोबाईलमधल्या नोट्स नकोत, कारण अंधारात स्क्रीन लावली की डोळ्यांची वाट लागते आणि परत अंधाराला सरावायला वीसेक मिनिटं जातात
- दोन टॉर्च, बटण दाबलं तेवढाच वेळ पेटणारे मिळाले तर उत्तम
- लाल जिलेटीन कागद, टॉर्चला लावायला
- सेकंदकाटा असलेलं घड्याळ
- एक चांगला मराठी-मराठी शब्दकोश (हा सगळ्यात जास्त लागणार, का ते पुढे सांगतो)
- आणि एक कोरा कागद, त्याला मी "जमातीचा दाखला" म्हणतो. तहसील ऑफिसला जायची गरज नाही. त्यावर एवढंच लिहायचं: कुठे राहतात, अंधार कशामुळे, डोळा कसा, उजेड कुठून येतो, किती लांब दिसतो, हाक कशी मारतात, उजेड संपला तर काय होतं. हा कागद भरल्याशिवाय कथेचं पहिलं वाक्य लिहायचं नाही. मी लिहिलं होतं, म्हणून सांगतोय.

१. काजवे बघून या, खरंच जाऊन या

व्हिडिओ बघून चालणार नाही. मे महिन्याचा शेवट ते जूनचा मध्य, पावसाच्या तोंडावर, भंडारदरा-घाटघर, पुरुषवाडी किंवा राजमाची, यातलं जे जवळ पडेल ते गाठा. अमावास्येच्या आसपासची रात्र निवडा आणि शनिवार-रविवार टाळा, कारण तेव्हा काजव्यांपेक्षा गाड्यांचे हेडलाइट जास्त असतात. टॉर्चला लाल कागद लावा, फ्लॅश मारू नका, झाडाखाली पाय बघून टाका, गवतातही काजवे असतात.

मी गेलो तेव्हा एका सादड्याच्या झाडाशी दोन तास बसलो होतो. अख्खं झाड एकदम पेटायचं, एकदम विझायचं. तेवढ्यात लांबून एक जीप आली, तिचा झोत झाडावर पडला आणि त्या बाजूचा लुकलुकाट पार मंदावला. जीप गेल्यावरसुद्धा बराच वेळ ते बिचकूनच होते. तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की उजेडाने बोलणाऱ्याला दुसऱ्याचा भगभगीत उजेड म्हणजे आपल्याला वरातीतला डीजे. माझ्या कथेतला सगळ्यात चांगला प्रसंग त्या जीपवाल्याने दिलाय, त्याला माहीत नाही.

बसल्या बसल्या घड्याळ लावून मोजा: एक चमक किती वेळ, मधला अंधार किती वेळ. जगात काजव्यांच्या दोन हजारांवर जाती आहेत आणि ज्या चमकून जोडीदार शोधतात त्यांची प्रत्येकाची लय वेगळी. अमेरिकेत फोटिनस पायरॅलिस नावाचा काजवा आहे, त्याचा नर उडता उडता साधारण सहा सेकंदांनी एकदा चमकतो, आणि गवतात बसलेली मादी त्याची चमक बघून दोनेक सेकंद थांबते, मग उत्तर देते. ते थांबणंच महत्त्वाचं. लगेच उत्तर आलं तर ती आपली नव्हे. म्हणजे अर्थ जेवढा उजेडात आहे तेवढाच मधल्या अंधारात आहे. हे वाक्य वहीत लिहून ठेवा, रंग-रंग खेळायची सवय यानेच सुटते.

२. अंधार कुठून आला आणि डोळे कुठून आले

इथे माझा तिसरा ड्राफ्ट मेला.

मी माझी जमात, तिचं नाव लुकारी (आधी "ल्युमिनार" ठेवलं होतं, ते बहिणीला सांगायची हिंमत झाली नाही), गुरूच्या युरोपा या चंद्रावर ठेवली. वर बर्फाचं जाडजूड कवच, खाली खारा समुद्र असावा असं शास्त्रज्ञ मानतात, नासाचं युरोपा क्लिपर यान १४ ऑक्टोबर २०२४ ला निघालंय आणि २०३० मध्ये तिथे पोचणार आहे. म्हटलं, ताजा विषय आहे, सूर्याचा एक किरण खाली जात नाही, चमकायला याहून चांगली जागा कुठली. मग एका निवृत्त बायॉलॉजीच्या सरांना वाचायला दिलं. त्यांनी पहिल्या पानावर एकच प्रश्न लिहून परत पाठवलं: "जिथे कधी उजेडच नव्हता तिथे डोळे कशाला आले?"

बरोबर आहे की. आपल्या खोल समुद्रातले जीव चमकतात आणि बघतात, पण त्यांच्या पूर्वजांना वरच्या पाण्यातला उजेड मिळालेला होता. लुकारींना तो कधीच नव्हता. बघणारा नसेल तर चमकून उपयोग नाही आणि चमकणारा नसेल तर बघून उपयोग नाही. दोन महिने मी या कोंबडी-अंड्यात अडकलो होतो.

सुटका केली एका झिंग्याने. अटलांटिकच्या तळाशी गरम पाण्याची धुराडी आहेत, तिथे रिमिकॅरिस नावाची कोळंबीसारखी एक जात राहते. तिला नेहमीचे डोळे नाहीत, पण पाठीवर उजेड ओळखणारा एक अवयव आहे. १९८९ मध्ये समुद्रजीवशास्त्रज्ञ सिंडी व्हॅन डोव्हर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो दाखवला आणि त्यातून कळलं की या धुराड्यांतून माणसाला न दिसणारा अगदी मंद उजेड बाहेर पडतो. संपलं! लुकारींचा डोळा आधी धुराडं शोधायला तयार झाला, गरम कुठे आहे, भाजणार कुठे, अन्न कुठे. बोलणं फार नंतर आलं. त्यामुळे त्यांच्या भाषेत "घर" आणि "उजेड" एकच शब्द झाला आणि तो मला आयता मिळाला, डोकं खाजवून काढावा लागला नाही.

तुमचा ग्रह वेगळा असेल, पण प्रश्न हाच विचारा. आणि याच्याच जोडीला दुसरा: आवाजाने का बोलत नाहीत? पाण्यात आवाज सेकंदाला साधारण दीड किलोमीटर जातो, कोपऱ्याआडही पोचतो. उजेड स्वच्छ समुद्रातसुद्धा शंभर मीटरच्या पुढे फारसा कामाचा राहत नाही आणि मध्ये दगड आला की संपला. मग तोटा असूनही उजेड का? माझ्याकडे धुराड्यांची सततची घरघर आहे, आवाज त्यात बुडतो, शिवाय त्यांना खाणारा प्राणी आवाजावर शिकार करतो. तुम्ही तुमचं कारण काढा, पण काढाच. "छान दिसतं म्हणून" हे कारण नाही.

३. उजेड बनतो कशाचा, त्याचा खर्च कोण भरतो

रसायनशास्त्राला घाबरू नका, एवढंच पुरे: ल्युसिफेरिन नावाचा पदार्थ ऑक्सिजनशी जुळतो, ल्युसिफेरेज नावाचं विकर ते घडवून आणतं, त्यातून उजेड निघतो. काजव्याला याशिवाय पेशीतली ऊर्जाही खर्च करावी लागते. बल्बसारखी उष्णता जवळपास निघत नाही, म्हणून याला थंड प्रकाश म्हणतात. (त्यामुळे कथेत कोणी चमकणाऱ्या हाताने दुसऱ्याला चटका देत असेल तर ते आत्ताच खोडा.)

म्हणजे बोलणं फुकट नाही. भुकेला लुकारी कमी बोलतो, आजारी पुसट बोलतो, जास्त बडबड करणारा श्रीमंत असतो. बघा, एका रसायनातून गरीब-श्रीमंत निघालं.

दुसरा रस्ता म्हणजे उजेड स्वतःचा नसणंच. हवाईच्या किनाऱ्यावर एक छोटं माकूळ (स्क्विड) आहे, युप्रिम्ना स्कोलोप्स, त्याच्या पोटाशी चमकणारे जिवाणू भाड्याने राहतात. रोज पहाटे ते त्यातले सुमारे ९५ टक्के जिवाणू बाहेर टाकून देतं आणि उरलेले रात्रीपर्यंत परत वाढतात. मला हे वाचून झोप लागली नव्हती. विचार करा, ज्या जमातीचा आवाजच दुसऱ्या जिवांकडून उसना आहे, तिचं बाळ मुकं जन्मतं आणि आईकडून जिवाणू मिळाले की बोलायला लागतं. जिवाणूंना रोग आला तर अख्खं गाव मुकं. मी हा रस्ता घेतला नाही कारण तोवर माझी कथा पुढे गेली होती, पण कोणीतरी घ्या, माझी परवानगी आहे.

४. भाषा: दोन टॉर्च आणि एक धीराचा माणूस

भावाला समोरच्या बिल्डिंगच्या गच्चीवर उभं केलं, मोर्स कोडचा (ठिपके-रेघांच्या लिपीचा) तक्ता दोघांच्या हातात, आणि "जेवायला ये" एवढं रोमन अक्षरांत टॉर्चने सांगायला मला अकरा मिनिटं लागली. तोवर आईनेच खालून हाक मारली. पण शिकलो बरंच. एक तर तो माझ्याकडे बघत नसेल तर मी कितीही चमकलो तरी शून्य. आपण पाठमोऱ्या माणसालाही हाक मारतो, उजेडाने ते होत नाही. दुसरं म्हणजे एकामागून एक ठिपके पाठवत बसलं तर भाषा फार हळू जाते.

यावर उपाय बघायचा असेल तर खुणांची भाषा बोलणारे लोक बघा. भारतीय सांकेतिक भाषेचा १०,००० शब्दांचा व्हिडिओ-कोश ऑनलाइन फुकट आहे, तासभर नुसता बघत बसा. तिथे हात एक सांगतो, भुवया त्याच वेळी सांगतात की हा प्रश्न आहे, आणि हवेतली जागा सांगते की कोणाबद्दल चाललंय. सगळं एकदम. शिवाय बघत नसलेल्याचं लक्ष वेधायला खांद्यावर टिचकी मारतात, किंवा खोलीतला दिवा चालू-बंद करतात. (मात्र ही खऱ्या माणसांची खरी भाषा आहे, तिची खूण उचलून परग्रहवासीयांना चिकटवू नका. रचना शिका, शब्द चोरू नका.)

अंगभर चमकणाऱ्या जिवाला तर एकाच वेळी पाच ठिकाणांहून बोलता येईल. हंबोल्ट माकूळ खोल अंधारात असंच काहीतरी करत असावं असं २०२० मध्ये मांडलं गेलंय: ते स्वतःचं अंग आतून उजळतं आणि कातडीवरचे गडद नक्षे त्या उजेडावर दिसतात, आपल्या बसच्या पाटीसारखे, मागे लाइट आणि पुढे अक्षरं. मी हेच घेतलं. लुकारीच्या छातीवर वाक्य चालतं, कडेच्या रेषा सांगतात की हे मी स्वतः पाहिलंय की ऐकीव आहे (ऐकीव! बघा, इथेच आपण फसतो, याबद्दल पुढे), आणि मोठ्यांशी बोलताना कडा मंद ठेवायच्या. तो त्यांचा "अहो". कडा झगझगीत ठेवून आजोबांशी बोलणं म्हणजे "ए म्हाताऱ्या".

रंगाचं काय? जपून. समुद्रात लाल रंग सगळ्यात आधी विरतो आणि निळा लांब जातो, म्हणून खोल समुद्रातले बहुतेक जीव निळसर चमकतात आणि बहुतेकांना तेवढंच दिसतं. इंद्रधनुष्य हवं असेल तर आधी तेवढे रंग ओळखणारा डोळा द्या.

५. चोर, खोटारडे आणि चोरून ऐकणारे

माझ्या मते सगळ्यात मजा इथे आहे आणि नवखे लोक इथेच हात आखडता घेतात, सगळी जमात आपली साधुसंत. अहो, उजेड जो बघेल त्याचा. कुजबुजता येत नाही, कानात सांगता येत नाही, सगळ्या चाळीला दिसतं.

अमेरिकेत फोट्युरिस नावाच्या काजव्याची मादी दुसऱ्या जातीच्या मादीची लय हुबेहूब काढते, नर बिचारा लाजत-बिजत येतो आणि ती त्याला खाऊन टाकते. त्याच्या अंगातलं विषही तिला आयतं मिळतं, स्वतःच्या बचावाला. लय चोरून शिकार करायची ही युक्ती कीटकशास्त्रज्ञ जेम्स लॉइड यांनी १९६५ मध्ये मांडली. त्याच्या उलट मॅलॅकोस्टिअस नावाचा खोल समुद्रातला मासा, तो लाल उजेड सोडतो आणि त्याला तो दिसतोही, आसपासच्या बहुतेकांना दिसत नाही. म्हणजे भर बाजारात खाजगी लाइन. हेर, प्रेमी, दरोडेखोर, कोणालाही द्या ही लाइन.

ॲटोला नावाची एक जेलीफिश आहे, कोणी धरलं की अंगावर निळं चक्र फिरवते, बहुधा यासाठी की आपल्याला खाणाऱ्यालाच खाणारा कोणीतरी मोठा तिथे यावा. समुद्रजीवशास्त्रज्ञ एडिथ विडर यांनी त्या चक्राची नक्कल करणारं एलईडीचं यंत्र बनवून पाण्यात सोडलं आणि २०१२ मध्ये जपानजवळ त्याच आमिषाला महाकाय माकूळ आलं, कॅमेऱ्यात सापडलं. मला यातलं विज्ञान आवडतं, पण त्याहून हे आवडतं की माणसाने परक्या उजेडाच्या भाषेत एक शब्द बोलून पाहिला, तो शब्द "वाचवा" होता, आणि उत्तर द्यायला राक्षस आला. तुमच्या कथेतला पहिला संपर्क याहून वेगळा का असावा?

६. मराठीत लिहायचं कसं (इथे शब्दकोश उघडा)

यात सगळ्यात जास्त वेळ जाणार, मानसिक तयारी ठेवा. आपली भाषा कानाने आणि तोंडाने भरलेली आहे. कानावर आलं, कान भरले, शब्द दिला, तोंड सोडलं, बोलाफुलाला गाठ, ब्र काढला नाही. ज्याला कान नाहीत तो "माझं ऐक" म्हणाला की वाचक तिथेच ठेचकाळतो. मी पूर्ण ड्राफ्टमध्ये "आवाज", "ऐक", "कान", "गप्प" हे चार शब्द शोधले तर एकशे सत्तर ठिकाणी सापडले.

पण त्याच भाषेत उजेडाला किती शब्द आहेत बघा. मिणमिणणं, लुकलुकणं, झगमगणं, लखलखणं, चमचमणं, झळकणं, तेवणं, फटफटणं, दिपवणं, मालवणं. तिरीप, कवडसा, झोत, लकाकी, ठिणगी. मी यांचा चक्क तक्ता केला. कुजबुजला नाही, मिणमिणला. ओरडला नाही, लखलखला. तोतरं बोलला नाही, फडफडला, वाऱ्यातल्या दिव्यासारखा. बोलता बोलता थांबला, तर "मालवला"... नाही, हा मी मृत्यूसाठी राखून ठेवला. "गप्प बस" ला "मीट". "माझं ऐक" ला "माझ्याकडे वळ". आणि "कानाडोळा" मला इतका आवडतो की तो मी कथेतल्या मानवी पात्राला दिला, लुकारी त्याला विचारतो की यातला अर्धा अवयव कुठला.

यात तीन खड्डे आहेत. एक, प्रत्येक वाक्याला नवीन क्रियापद वापरू नका, वाचक दिवाळीच्या दुकानात आल्यासारखा भंजाळतो; तीन-चार ठरवा आणि तेच वापरा. दोन, संवाद अवतरणचिन्हात द्यायचा की नाही हे पहिल्या पानावर ठरवा आणि बदलू नका. मी लुकारींचं बोलणं चिन्हांशिवाय, नवीन ओळीवर दिलं. तीन, नावं. उजेडाच्या नक्षीचं नाव देवनागरीत लिहिता येत नाही, म्हणून मी माणसांनी ठेवलेली टोपणनावं वापरली, "दोनदा-थांब", "उशिरा", "डावीकडची". खेड्यात जशी ठेवतात तशीच. "उशिरा" ही बाई सगळ्यांची लाडकी झाली.

७. वाचून घ्या आणि पाठवा

दोघांना द्या, एक विज्ञान कळणारा आणि एक अजिबात न कळणारा. दुसऱ्याचं मत जास्त ऐका. त्याला फक्त एवढं विचारा, "कुठे कंटाळा आला?" माझ्या बाबतीत उत्तर होतं ल्युसिफेरेजचा परिच्छेद, दीड पान होता, आता दीड ओळ आहे.

मग स्पर्धा, दिवाळी अंक, जिथे जमेल तिथे पाठवा. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेची जुनी परंपरा आहे, जयंत नारळीकरांनीसुद्धा १९७४ मध्ये तिथे कथा पाठवली ती नारायण विनायक जगताप या नावाने, स्वतःची आद्याक्षरं उलटी करून, म्हणजे नावाकडे बघून कोणी बक्षीस देऊ नये. आपल्याला तो प्रॉब्लेम नाही, आपलं नाव खुशाल टाका.

पाठवताना एक करा. मी लुकारींच्या लयीसाठी भरीव आणि पोकळ गोळ्यांची चिन्हं वापरली होती, आणि एका अंकाकडे फाईल गेल्यावर तिथल्या फॉण्टमध्ये त्या सगळ्यांचे चौकोन झाले, प्रूफ वाचणाऱ्याला वाटलं टायपिंगची चूक आहे, त्याने सगळे चौकोन निगुतीने काढून टाकले. शेवटच्या पानावर "उशिरा" जे काही म्हणते ते छापूनच आलं नाही. म्हणून युनिकोड फाईलसोबत पीडीएफ जोडा, आणि मेलमध्ये ठळक अक्षरांत लिहा की मधली रिकामी जागाही मजकूरच आहे, काढू नये.